तेरा नंबरच्या पाइपावरची माळ

"आउट! आउट! सरळसरळ आउट!" मैना दोन्ही हात वर करून नाचायला लागली.

"कसला आउट? बॉल स्वतःहून स्टंपकडे गेला! मी बघितलं!" ललितने बॅट जमिनीवर आपटली.

"बॉलला काय पाय असतात?"

"असतील! तुझ्या जिभेला आहेत तसे!"

सृष्टी मात्र हसली नाही. तिने बॉल उचलला आणि मैदानाच्या बरोबर मध्यावर अलगद ठेवला. क्षणभर बॉल तसाच राहिला. मग हळूहळू घरंगळत निघाला, थेट कुंपणाच्या भिंतीजवळच्या पिवळ्या पाइपाकडे.

"ललित, मे महिन्यात हा बॉल कुठे पळायचा?"

"रस्त्याकडे. म्हणून तर तुला फील्डिंगला तिकडे उभी करायचो. पळून पळून तुझी जीभ बाहेर यायची!"

"मग आता तो उलटा का पळतो?"

ललितने डोकं खाजवलं. मैनानेही नाचणं थांबवलं.

बारा वर्षांची सृष्टी मखमलाबादच्या फुलशेतीवाल्या घरातली. मे महिन्यात, आणि भाऊबीज झाली की उरलेल्या दिवाळीच्या सुट्टीत ती पंचवटीला नवनाथमामाकडे यायची. ललित हा मामाचा मुलगा, तिच्याहून वर्षाने मोठा आणि बोलण्यात दहा वर्षांनी! मैना शेजारच्या खोलीतली, दहा वर्षांची. तिची आजी तानुबाई कोपऱ्यावर फुलं विकायची. सात खोल्यांची चाळ, तिच्यामागे हे छोटं मैदान, आणि मैदानाच्या खाली, पंधरा मीटर खोल, नवी भुयारी रेल्वे! तिचा बोगदा खोदणाऱ्या मशीनवर नवनाथमामा कामाला होता.

काल संध्याकाळी फराळाला बसल्यावर सृष्टीने त्याला विचारलं होतं, "मामा, रेल्वे जमिनीखालून कशाला नेतात? वरून स्वस्त पडत नाही?"

"पडते की! वर एक किलोमीटर होतो तेवढ्या पैशांत खाली जेमतेम पाव किलोमीटर होतो. पण वर खांब कुठे रोवायचे? ह्या बोळात? मग आधी आपली चाळ पाडायची, मग तानुआजीचं दुकान!"

"आणि एवढे पैसे तिकिटातून निघतील, पप्पा?" ललितने चकली मोडत विचारलं.

"तिकिटातून विजेचं बिल आणि पगार निघाले तरी पेढे वाटू! बाकीचं शहराला दुसऱ्या वाटेने मिळतं. इथून नाशिक रोडला कामाला जाणाऱ्या माणसाचा रोजचा तास वाचला, तर तो तास काय फुकटचा असतो? पण म्हणून तर मशीन थांबलेलं कोणाला परवडत नाही. एक दिवस उभं राहिलं की वीस लाख गेले."

 मामाच्या हातातला लाडू तसाच राहिला.

"काय झालं, मामा?"

"काही नाही गं. दिवाळीत मशीन बंद होतं, आम्ही दोघं-तिघं देखरेखीला खाली जात होतो. बोगद्याच्या काँक्रीटच्या रिंगांच्या सांध्यांतून पाणी झिरपतंय. झिरपणारच, गोदावरीचा, आपल्या गंगेचा काठ आहे. पण चार दिवसांपासून ते गढूळ येतंय. आमच्या शेताच्या बांधाला पाझर फुटला की आमचे दादा आधी ओंजळीत पाणी घेऊन बघायचे. निवळ असलं तर निवांत बसायचे. गढूळ असलं तर ओरडत सुटायचे! गढूळ पाणी आतली माती घेऊन येतं. वरून सगळं ठीक दिसतं आणि आत पोकळी होत जाते."

"मग साहेबांना सांगितलं नाहीत?"

"सांगितलं ना! ते म्हणाले, वरच्या मोजणीच्या पाइपातलं पाणी जागचं हललेलं नाही. रोजचा आकडा लिहिलेला आहे. वरचं पाणी तेवढंच असेल तर माती वाहील कशी? उद्या अकराला पूजा, लगेच मशीन सुरू." मामाने लाडू तोंडात टाकला. "आकड्यापुढे माझं काय चालणार!"

सकाळी सातला तो डबा घेऊन खाली गेलाही होता.

हे सगळं सृष्टीला आत्ता, बॉलकडे बघताना, एकदम आठवलं. ती पाइपाकडे धावली.

गुडघ्याएवढा उंच लोखंडी पाइप. त्यावर पांढऱ्या रंगाने लिहिलेला आकडा, १३. वर झाकण, झाकणाला कुलूप. खालच्या पाण्याची पातळी मोजायला कंपनीने असे चाळीस पाइप बोगद्याच्या वाटेवर बसवले होते. भिंतीवर प्लास्टिकमध्ये एक कार्ड चिकटवलेलं होतं. तारीख आणि पाणी किती मीटर खोल लागलं तो आकडा. ६.२, ६.२, ६.१, ६.२...

आणि झाकणावर होती एक माळ. झेंडूची. खंडेनवमीला कामगारांनी सगळ्या अवजारांची पूजा केली होती, तेव्हा या पाइपालाही हळदकुंकू लागलं होतं. माळ कुलपाच्या कडीतून ओवून पूजेच्या लाल दोऱ्याने घट्ट बांधलेली होती.

सृष्टीने एक फूल दोन बोटांत धरलं. त्याचा भुगा झाला.

"ही माळ दिवाळीची नाही," ती हळूच म्हणाली. "दिवाळीचा झेंडू अजून केशरी दिसला असता. हा पार काळा पडलाय. ही दसऱ्याची आहे. आमच्याच शेतातला कलकत्ता झेंडू आहे हा, आईने माझ्याकडून दोनशे माळा करून घेतल्या होत्या!"

"मग? माळ जुनी आहे. काढून टाकू," ललित म्हणाला.

"अरे बावळटा, बघ तरी! दोरा कडीतून गेलाय. गाठ तशीच आहे. कुलूप उघडलं तर दोरा तुटायला नको का? आणि कुलूपसुद्धा गंजून एक झालंय!"

ललितने गाठीकडे पाहिलं. मग कार्डाकडे. मग पुन्हा गाठीकडे. त्याच्या चेहऱ्यावरचं हसू उतरलं.

"म्हणजे दसऱ्यापासून हे झाकण कोणी उघडलेलंच नाही..."

"आणि आकडा मात्र रोज लिहिलाय! हे बघ, लक्ष्मीपूजनाच्या दिवशीसुद्धा! त्या दिवशी तर साइट बंद होती!"

"मग खरं पाणी किती आहे?" मैनाने विचारलं.

कोणालाच माहीत नव्हतं. तेच तर भयंकर होतं! त्या खोट्या आकड्यावर विश्वास ठेवून दहा माणसं जमिनीखाली उतरली होती, आणि त्यांत ललितचे पप्पा होते.

"किती वाजले?" ललितने विचारलं. 

"दहा."

ललितने खिशातून फोन काढून नंबर लावला. 'आपण संपर्क करू इच्छित असलेली व्यक्ती...' त्याने पुन्हा लावला. पुन्हा तेच. खाली उतरताना सगळ्यांचे फोन वरच्या कपाटात ठेवून घेत. मामी भाऊबीजेला नाशिक रोडला भावाकडे गेली होती, ती अजून तिकडेच होती. तिचा फोन वाजून वाजून बंद पडला.

पहिल्या खोलीत खंडेरावआजोबा राहायचे. नोटांच्या प्रेसमधून निवृत्त झालेले, चाळीतले सगळ्यांत शहाणे. मुलं धापा टाकत त्यांच्या दारात पोचली. आजोबा चष्मा पुसत बाहेर आले, मुलांमागून मैदानात जाऊन कार्डाजवळ वाकले आणि नीट निरखून पाहू लागले.

"मी छत्तीस वर्षं आकडेच तपासले, समजलं? हे बघा. खाडाखोड नाही. तारीख आहे, सही आहे. आकडा सुवाच्य आहे. याहून काय पाहिजे?"

"आजोबा, पण झाकण उघडलेलंच नाही! माळ बघा ना!"

"माळ ही श्रद्धेची गोष्ट आहे आणि आकडा ही हिशोबाची. दोन्हीत गल्लत करू नये. जा, खेळा!"

ललित रडकुंडीला आला. "आजोबा, माझे पप्पा खाली आहेत!"

"म्हणून तर म्हणतो, कंपनीला काळजी नसेल का?" असं म्हणून आजोबा खोलीत परतून वर्तमानपत्र घेऊन बसलेसुद्धा!

"आजीकडे चला!" मैना ओरडली आणि तिघंही कोपऱ्याकडे पळाली.

तानुबाई फुलांच्या ढिगात बसून भराभर माळा ओवत होती. मुलांचं सगळं ऐकता ऐकता तिची सुई थांबली.

"पाइप कुठं हाय म्हन्ली? भिंतीपाशी? आगं बाई!" तिने कपाळावर हात मारला. "तिथं हीर व्हती! मी लगीन होऊन आले तवा हितं चाळ नव्हती, का काय नव्हतं. सगळा मळा. शेवंतीचा, गुलाबाचा. त्या हिरीवर मोट चालायची. पुढं मळा मोडला, तर मालकानं हीर बुजवली. राख टाकली, विटांचा चुरा, गंगेतली वाळू. लय दिवस गाड्या येत व्हत्या. वरून माती वढली, झालं मैदान!"

"कोणाला माहीत आहे का हे? कंपनीला?"

"मला कोन इचारतंय? त्ये आले, भोकं पाडून गेले. हीर कुटं दिसती वरून?"

सृष्टीला सगळं एकदम जुळलं. बुजवलेल्या विहिरीतली राख आणि वाळू सैल असणार. तीच पाण्याबरोबर खाली बोगद्यात झिरपत असणार. म्हणून पाणी गढूळ! म्हणून मैदान आत बसतंय, म्हणून बॉल उलटा पळतोय! आणि अकरा वाजता मशीन धडधडायला लागलं, तर वरचं सगळं खाली...

"आजी, आम्हाला साइटवर जायचंय. गेटमधून आत सोडत नाहीत!"

"आज सोडतील की!" तानुबाईने शेजारच्या दोन टोपल्यांकडे बोट दाखवलं. "पूजेच्या माळा अन् तोरनं त्यांच्याच हायेत. साडेदहाला पोचवायच्यात. उचला! अन् पळा!"

दिंडोरी नाक्याकडे जाणाऱ्या रस्त्यावर पत्र्याचं उंच कुंपण होतं आणि त्याच्या आत एक अजस्र चौकोनी खड्डा. या खड्ड्यातूनच माणसं आणि काँक्रीटच्या रिंगा खाली जात. गेटवरच्या वॉचमनने काठी आडवी धरली.

"कुठे? आज मोठी पूजा आहे. पोरासोरांचं काम नाही."

"वॉचमनकाका, आमचे पप्पा—" ललितने सुरुवात केली. सृष्टीने त्याच्या पायावर जोरात पाय दिला.

"पूजेची फुलं आणलीत, काका! उशीर झाला तर तुम्हीच जबाबदार. साहेब विचारतील, तोरण कुठाय?"

वॉचमनने टोपलीत डोकावून पाहिलं. "बरं बरं. ठेवा आणि लगेच परत या. रेंगाळायचं नाही!"

आत मंडप होता, नारळ होते, पांढरी हेल्मेटं घालून फिरणारी माणसं होती. घड्याळात दहा चाळीस झाले होते. सृष्टीने समोर दिसेल त्या माणसाला गाठलं. "काका, तेरा नंबरच्या पाइपाचा आकडा खोटा आहे!" एकजण हसला. एकजण म्हणाला, "बाळा, माळा तिकडे दे." तिसऱ्याने तर तिच्या हातात पेढा ठेवला! काय करावं! ओरडावं? ओरडलं तर बाहेर काढतील. आणि खाली मामा कुठल्या तरी नळीशेजारी उभा असेल, गढूळ पाण्याकडे बघत.

ललित कपाळ धरून पालथ्या टोपलीवर बसला होता. 

"तो बघ!" मैना कुजबुजली. "लाल बाइकवाला. पाइपाचे आकडे तोच लिहितो!"

ऑफिसच्या पत्र्याच्या खोलीत एक तरुण मुलगा लॅपटॉपवाल्या बाईंशी बोलत होता. बाईंच्या खिशावर नाव होतं, स्नेहल. जमीन हलते का, पाणी उतरतं का, यावर लक्ष ठेवणाऱ्या इंजिनिअर त्याच होत्या. आठच दिवसांपूर्वी इथे बदलून आल्या होत्या.

"सगळे आकडे आले ना, ज्ञानेश?" त्या विचारत होत्या. "मग मी 'सुरू करा' म्हणून कळवते."

सृष्टीने ललितला हाताला धरून उठवलं. "ऐक. आत जाऊन भांडायचं नाही. हे लोक आपलं ऐकणार नाहीत. त्यांना त्यांचंच ऐकू दे. आपण माफी मागायची."

"माफी? कसली?"

"मी बोलते. तू फक्त मान खाली घाल. तेवढं तुला जमेल!"

तिघंही दारात जाऊन उभी राहिली. सृष्टीने आवाज शक्य तितका बारीक केला.

"ज्ञानेशदादा, सॉरी म्हणायला आलो. चाळीमागच्या तेरा नंबरच्या पाइपात आम्ही काल झाकणाखाली चिठ्ठी ठेवली होती. 'इथे भूत आहे' अशी. तुम्हाला राग आला असेल ना?"

ज्ञानेशने एकदा मुलांकडे पाहिलं, एकदा मॅडमकडे. मग ऐटीत म्हणाला, "बघितलंत, मॅडम? ही असली कार्टी! हो, सापडली चिठ्ठी. आज सकाळी रीडिंग घेताना मीच फाडून फेकली. पुन्हा असला चावटपणा केलात ना, तर बघा!"

"फाडून फेकली? नक्की?"

"म्हणजे काय! या हातांनी!"

सृष्टीने मान वर केली. तिचा आवाज आता मुळीच बारीक नव्हता.

"मॅडम, आम्ही चिठ्ठी ठेवलीच नव्हती! ते झाकण उघडतच नाही. कुलूप गंजलंय. कडीतून दसऱ्याची माळ ओवलीय, तिची गाठसुद्धा सुटलेली नाही. यांनी ते उघडलेलंच नाही! खाली गढूळ पाणी येतंय, मैदान आत बसतंय, तिथे जुनी विहीर आहे आणि माझा मामा खाली आहे!"

 स्नेहलमॅडमनी हळूहळू ज्ञानेशकडे पाहिलं.

"ज्ञानेश, ती म्हणते ते खोटं आहे, एवढंच सांग."

ज्ञानेशचा चेहरा पांढरा पडला. "मॅडम... दसऱ्यानंतर गेलो होतो. पूजेची माळ होती. दोरा तोडायला हात होईना. म्हटलं, एक दिवस कालचाच आकडा लिहू. मग दुसऱ्या दिवशीही... चाळीस पाइप आहेत, मॅडम, आणि मी एकटा..."

मॅडमनी त्याचं पुढचं ऐकलंच नाही. त्यांनी फोन उचलला. पण तेवढ्यात बाहेर नारळ फुटला, टाळ्या वाजल्या आणि पायांखालची जमीन बारीक थरथरली. मुहूर्त दहा मिनिटं आधीच साधला होता. मशीन सुरू झालं होतं!

"पप्पा!" ललित किंचाळला.

"मशीन थांबवा!" मॅडम फोनवर ओरडल्या. "हो, मी सांगतेय! पुढचा दाब तसाच धरून ठेवा, माती अजिबात काढू नका!"

दुसरा फोन लगेच वाजला. मोठ्या साहेबांचा आवाज मुलांनासुद्धा ऐकू येत होता. "स्नेहल, पाच दिवस मशीन बंद होतं! आधी तपासा आणि मग थांबवा. तासाला लाखभर जातात, माहीत आहे ना?"

"माहीत आहे, सर. पण मी आधी थांबवते आणि मग तपासते. चूक निघाली तर माझ्या नावावर लिहा." त्यांनी फोन ठेवला, टेपचं रीळ आणि कुलूप तोडायची पक्कड उचलली. "चला, दाखवा पाइप! पळत!"

पुढची दहा मिनिटं सृष्टीला कधीच नीट आठवली नाहीत. आठवत होता तो फक्त पकडीचा कट्ट आवाज, मातीत पडलेली काळी माळ आणि पाइपात सरसर उतरणारी पिवळी टेप. टेपच्या टोकाला वजन होतं. ते पाण्याला टेकलं की रिळातून 'बीप' वाजणार होतं.

"पाच... सहा... सहा पॉइंट दोन," मॅडम मोजत होत्या.

बीप नाही.

"आठ... नऊ..."

बीप नाही. ललितने सृष्टीचा हात इतका घट्ट धरला होता की तिची बोटं बधिर झाली.

"अकरा... बारा... तेरा..."

बीप!

तेरा पॉइंट चार. सात मीटर पाणी गेलं होतं, आणि जाताना आपल्याबरोबर किती वाळू घेऊन गेलं होतं कोण जाणे!

मॅडमचा आवाज एकदम थंड झाला. "कंट्रोल, सगळ्या माणसांना वर घ्या. आत्ता. मशीनचा पुढचा भाग चिखलाने भरलेलाच ठेवा, पाणी अडवणारा मधला दरवाजा बंद करून निघा." मग त्या मुलांकडे वळल्या. "चाळ रिकामी करायची. तुम्ही लोकांना ओळखता. पाच मिनिटं! मैदानात कोणी पाय ठेवायचा नाही!"

मैनाने घरातून पितळी ताट आणि लाटणं आणलं आणि बडवायला सुरुवात केली. "बाहेर या! सगळे बाहेर या!" ललित दारं ठोठावत सुटला. कोणाचं दूध गॅसवर होतं, कोणी अंघोळीला बसलं होतं. सृष्टीने एक पाळण्यातलं बाळ उचललं आणि ती रस्त्याकडे धावली. सगळे आले, पण पहिल्या खोलीचं दार बंदच!

"आजोबा! बाहेर या!"

"कुलूप शोधतोय!" आतून आवाज आला. "घर उघडं टाकून कसं येऊ?"

"आजोबा, घरच राहणार नाही! मग कुलूप कुठे लावाल?"

हा हिशोब मात्र आजोबांना पटला. ललितने त्यांना जवळजवळ ओढतच रस्त्यावर आणलं.

आणि मग आवाज आला. मोठा नव्हता. एखादं धान्याचं पोतं उंचावरून टाकावं तसा. धप्प! मैदानाच्या कोपऱ्यातली जमीन खाली बसली, तिच्यामागून कुंपणाची भिंत गेली, तेरा नंबरचा पाइप एकदा कलला आणि दिसेनासा झाला. स्टंप गेले, बॅट गेली. चाळीच्या मागच्या ओट्यापासून चार हातांवर येऊन ते काळं, गोल भगदाड थांबलं. खालून फक्त पाण्याची खळखळ ऐकू येत होती.

 ललित वळला आणि साइटच्या दिशेने धावत सुटला. सृष्टी त्याच्यामागे.

या वेळी वॉचमनने काठी आडवी धरली नाही. खड्ड्याच्या कठड्यापाशी माणसं ओळीने उभी होती. खालून लोखंडी पिंजरा वर येत होता. दार उघडलं. चिखलाने माखलेली माणसं बाहेर पडली. एक, दोन, तीन...

सात. आठ. नऊ.

"दहावा कुठाय?" ललितने एकाचा हात धरला. "काका, माझे पप्पा? नवनाथ?"

तो माणूस बिहारचा होता. त्याने मान हलवली. "नवनाथभाई दरवाजा बंद करने रुका. बोला, तुम लोग चलो."

पिंजरा रिकामाच खाली गेला. एक मिनिट झालं. दोन झाली. खालून पाण्याचा आवाज वाढत होता. सृष्टी आकडे मोजायला लागली, नुसतेच, कसलेही. साठ. सत्तर. शंभर. दुसरं काही करण्यासारखं नव्हतंच. जे करायचं ते सगळं करून झालं होतं आणि तरीही कदाचित ते पुरलं नव्हतं. ललित कठड्याच्या गजांत तोंड खुपसून उभा होता. दीडशे. एकशे साठ...

तार ताणली गेली. पिंजरा हलला.

वर आला तो माणूस मातीचाच केलेला वाटत होता. फक्त डोळे तेवढे माणसाचे. ललितने उडी मारून त्याच्या गळ्यात हात टाकले आणि तो हमसून हमसून रडला.

"अरे, अरे! कपडे खराब होतील," मामा म्हणाला. मग तो ललितला धरून तसाच खाली बसला. "छातीएवढं पाणी आलं होतं, पोरांनो. दरवाजा लागत नव्हता. मशीन चालू असतं तर... मातीचा लोंढाच आला असता." थोड्या वेळाने त्याने विचारलं, "पण थांबवलं कोणी?"

स्नेहलमॅडमनी सृष्टीच्या खांद्यावर हात ठेवला.

दोन दिवस गाड्या येत होत्या. त्या भगदाडात काँक्रीट ओतलं जात होतं. तानुबाई खुर्ची टाकून बसली होती आणि विहिरीचा काठ कुठून कुठे होता ते इंजिनिअरांना काठीने दाखवत होती. "मला आधी इचारलं असतं तर!" हे वाक्य तिने निदान शंभर वेळा म्हटलं, आणि आता प्रत्येकजण ते मान डोलावून ऐकत होता.

तिसऱ्या दिवशी मोठे साहेब चाळीत आले. शाल, नारळ, पुस्तकं, टाळ्या, सगळं झालं.

"या मुलांनी कंपनीचे किती कोटी वाचवले, याचा हिशोब—" साहेबांनी भाषण सुरू केलं.

"हिशोब राहू द्या, साहेब!" खंडेरावआजोबा मध्येच उभे राहिले.  "दहा माणसं आणि सात घरं वाचली. मला म्हाताऱ्याला आकडा सुवाच्य दिसला, पण ती माळ दिसली नाही. ती या पोरांना दिसली. शाबास रे पोरांनो!"

साहेबांनी सृष्टीला विचारलं, "बेटा, तुला काय पाहिजे? सायकल? टॅब?"

"सायकल माग!" ललित कुजबुजला. "गेअरची!"

सृष्टीने जरा विचार केला. "सर, नवा पाइप बसवाल ना? मग रोज सकाळी सगळ्यांसमोर मोजाल? कामावर जाणारी माणसं खाली उतरायच्या आधी?"

 साहेबांनी स्नेहलमॅडमकडे पाहिलं आणि मान हलवली.

सुट्टी संपायच्या आदल्या दिवशी, सकाळी साडेसहाला, चाळीमागच्या मैदानात ही मोठी गर्दी जमली. नव्या पाइपाभोवती चाळीतली सगळी माणसं होती, दात घासणारीसुद्धा. पहिल्या पाळीचे दहा कामगार डबे घेऊन उभे होते. चौकशी लागलेला, कामावरून थांबवलेला ज्ञानेशही आला होता. तो लांब, लाल बाइकपाशी उभा होता. कोणी त्याला जवळ बोलावलं नाही, पण जा असंही म्हटलं नाही.

स्नेहलमॅडमनी टेप सोडली. बीप वाजलं. "सहा पॉइंट पाच!"

"थांबा!" तानुबाई गर्दीतून पुढे आली. "मला आवाज नाय आला. परत सोडा!"

"आजी, वाजलं की!" मैना वैतागली.

"तुला वाजलं आसंल. माझं कान सत्तर वर्साचं हायेत. परत सोडा म्हन्ते ना!"

माणसं हसली. मॅडमनी सगळी टेप गुंडाळली आणि पुन्हा खाली सोडली. या वेळी रस्त्यावरचा दूधवालासुद्धा थांबला. नवनाथमामा हेल्मेट हातात धरून पाइपाकडे बघत होता.

बीप!

"आला," तानुबाई म्हणाली. "आता जावा."

मामाने हेल्मेट डोक्यावर चढवलं आणि तो कामाला निघाला.